मला मिळालेले गुप्तदान

रत्नागिरीतील एका वाचनालयाचे चिटणीस शाळेच्या व्हरांड्यात मला गाठून म्हणाले, "फेब्रुवारीतल्या व्याख्यानमालेत एक दिवस तुमचा हं, बाई!" त्या वेळी मला खरे तर नकार द्यायचा होता. परंतु नकारासाठी पुष्कळ बोलावे लागते आणि होकाराला नुसती मान पुरते. केवळ एवढ्याच कारणाने मी मान हलवली. विषय त्यांनीच ठरवून आणला होता: यहुदी, ख्रिस्ती आणि इस्लाम या तीन धर्मांतील दानविचार. तत्त्वज्ञान घेऊन एम. ए. झालेली शिक्षिका शाळेत मी एकटीच होते, त्यामुळे परलोकाशी संबंधित सारी कामे माझ्याकडे येत. मोठा आवाज हवा असणारी कामे मात्र आजवर कधी आली नव्हती.

मुंबईच्या गिरण्या बंद पडून वर्ष होत आले होते, त्या सुमाराची ही गोष्ट. मी तेव्हा सव्वीस वर्षांची होते आणि रत्नागिरीत एकटी राहत होते. एकटे राहण्याची ही परवानगी सहजासहजी मिळालेली नव्हती. माझे वडील, अप्पा, दापोलीला मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालेले. आयुष्यात कुणाचे काही घेतले नाही, याचा त्यांना फार अभिमान होता. शेजाऱ्यांनी फणसाचे चार गरे पाठवले तरी ताटली रिकामी परत जायची नाही आणि तिच्यात गऱ्यांपेक्षा वजनाने अधिक असेच काही जायचे. मला एस.टी.त बसवून देताना त्यांनी एकच अट घातली होती. "ज्या दिवशी तू कुणाच्या दिल्या घासावर जगते आहेस असं माझ्या कानावर येईल, त्या दिवशी नोकरी संपली. पेटी भरायची आणि घरी यायचं." मी मान हलवली होती. ही अट मोडण्याची शक्यता मला शून्य वाटत होती, कारण मागण्यासाठी तोंड उघडावे लागते.

माझी खोली एका जांभ्या दगडाच्या घराच्या मागल्या अंगाला होती. पुढच्या भागात घरमालकीण राहत. त्यांचे यजमान बोटीवर कामाला होते. साऱ्या आळीप्रमाणे मीही त्यांना चाची म्हणे. डावीकडच्या घरात भूमापन खात्यातून निवृत्त झालेले एक विधुर काका होते. ते बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले यहुदी. दोन्ही मुलगे इस्रायलला स्थायिक झालेले, आणि काकांचा मुक्काम "यंदा जातो" या दोन शब्दांवर सात वर्षे रत्नागिरीतच. उजवीकडे एका रुग्णालयातल्या ख्रिस्ती परिचारिका राहत. त्यांना सगळे सिस्टर म्हणत. थोडक्यात, माझ्या व्याख्यानाचे तिन्ही धर्म एका हाकेच्या अंतरावर होते. हाक मारण्याचे धैर्य तेवढे माझ्याजवळ नव्हते.

तरीही वाचनालयातली पुस्तके संपल्यावर मी एकेकाकडे गेले. व्याख्यानाचा उल्लेख मात्र केला नाही. केला असता तर तिघेही ऐकायला आले असते आणि माझी वाचा बसलेली त्यांनी समोरून पाहिली असती. म्हणून मी प्रश्न अगदी दुरून विचारले. चाचींना म्हटले, "समजा, चाची, एखादी बाई आहे. तिला गरज आहे, पण मागायचा संकोच वाटतो. अशा बाईला तुमच्यात कसं देतात?"

चाची तांदूळ निवडत होत्या. त्यांचे हात थांबले. त्यांनी माझ्याकडे नीट पाहिले, मग पुन्हा तांदळाकडे पाहिले आणि बऱ्याच हळुवार आवाजात म्हणाल्या, "जकात म्हंजे वर्साचा बांधील दान, त्याची माणसं ठरलेली असतात, पोरी. पण सदका, म्हंजे आपल्या मनानं दिलेला, कुणालाही देतात. धर्म नाय बघत. आणि मागायचा संकोच वाटणाऱ्याला आधी द्यायचा. गुपचूप." मी "बरं" म्हणून निघाले आणि खोलीत येऊन ते वहीत उतरवले.

काकांनी माझा प्रश्न ऐकून चष्मा काढला. "आमच्यात याला दया म्हणत नाहीत," ते म्हणाले. "न्याय म्हणतात. देणारा उपकार करत नसतो, त्याच्याकडे राहिलेलं दुसऱ्याचं परत करत असतो." मग देण्याच्या आठ पायऱ्या त्यांनी बोटांवर मोजून सांगितल्या. सहावी त्यांना आठवेना, म्हणून पुन्हा पहिलीपासून सुरुवात केली. देणाऱ्याला घेणारा ठाऊक नाही आणि घेणाऱ्याला देणारा ठाऊक नाही, ही फार वरची पायरी. सर्वांत वर, समोरच्याला स्वतःच्या पायावर उभे करणे. निघताना त्यांनी विचारले, "ही जी एखादी बाई आहे, ती जेवते ना वेळेवर?" मी म्हटले, "बहुधा जेवत असावी."

सिस्टरांनी मला मंदिराच्या पेटीत दोनच नाणी टाकणाऱ्या गरीब विधवेची गोष्ट सांगितली. दिलेले दवंडी पिटून सांगू नये, हेही सांगितले. आणि माझ्या डोळ्याची खालची पापणी ओढून आत किती लाली आहे ते पाहिले. मला वाटले, सवयीने.

पुढच्या शुक्रवारी सकाळी माझ्या पायरीवर एक पिशवी होती. आत सुमारे दोन शेर उकडे तांदूळ. त्याच दिवशी सूर्यास्ताच्या आधी तूरडाळ आणि गूळ यांचे पुडके आले. रविवारी सकाळी सहा अंडी.

प्रथम मला वाटले, कुणाची तरी वस्तू चुकून माझ्या दारात आली. मी विचारायला निघाले, दार उघडले, आळीत माणसे दिसली, म्हणून दार लावून घेतले. पुढच्या आठवड्यात नेमके हेच पुन्हा घडले, तेव्हा मात्र माझ्यातली तर्कशास्त्राची विद्यार्थिनी जागी झाली. शुक्रवारी सकाळी, म्हणजे जुम्याच्या नमाजाआधी, देणारे कोण? तांदळाची पिशवी आखातातून आलेल्या शर्टाच्या कापडाची होती. शुक्रवारी संध्याकाळी, शब्बाथचा दिवा लावण्याच्या आत, देणारे कोण? पुडक्याला सरकारी फायलींना बांधतात ती फीत होती आणि गाठ इतकी कायदेशीर होती की ती सोडायला मला पाऊण तास लागला. रविवारची अंडी तर जखमेवर लावायच्या निर्जंतुक कापसात निजवलेली होती. देणाऱ्यांनी नावे लपवली होती, वार लपवायचे राहून गेले होते.

आणि मग मला सगळा उलगडा झाला. "एखादी बाई" म्हणून जगात कुणीच स्वतःखेरीज दुसऱ्याविषयी विचारत नाही. शिवाय पुरावा भरपूर होता. मी सकाळी पेज जेवत असे. ती मला आवडते म्हणून, पण हे कुणाला माहीत? माझ्या वापरात दोनच साड्या होत्या, कारण तिसरी घेण्यासाठी दुकानदाराला पंचवीस साड्या उलगडायला लावाव्या लागल्या असत्या. आणि सर्वांत मोठा पुरावा म्हणजे सहा महिन्यांत माझ्या घरी मासळी शिजली नव्हती. रत्नागिरीत राहून, मासे खाणाऱ्या घरातली मुलगी मासे खात नाही, याचा दुसरा काय अर्थ निघणार? खरे कारण एवढेच, की कोळणीशी घासाघीस करण्याच्या कल्पनेनेच माझ्या तळहातांना घाम येत असे.

परत करावे तर कसे? "चाची, हे तुमचे तांदूळ" म्हणणे म्हणजे त्यांचे गुपित त्यांच्या तोंडावर फोडणे. घेणाऱ्याला कळले की गुप्तदान गुप्त राहत नाही, आणि ते मला कळले आहे हे त्यांना कळले तर त्यांचे पुण्यही उणे होणार. वहीत हा पेच मी क्रमांक घालून मांडला. उत्तर मात्र सापडले नाही. दरम्यान अंडी खाल्ली. ती टिकत नाहीत, हा युक्तिवाद माझ्या मते निर्दोष होता.

शेवटी मी ठरवले की आपली सुस्थिती कृतीने सिद्ध करावी. त्याप्रमाणे बुधवारी दारावरून जाणाऱ्या कोळणीला मी हाक मारली. तिने सुरमईचा भाव सांगितला आणि मी तेवढे पैसे दिले.

कोळीण पैसे हातात धरून उभी राहिली. "बाय, तुजी तब्येत बरी हाय ना?" तिने विचारले. मी मान हलवली. पाटी डोक्यावर चढवून ती आळीच्या टोकापर्यंत ओरडत गेली, "अवो, मागल्या खोलीतल्या बायनं भाव न करता सुरमय घेतली! जल्माला आल्यापास्नं नाय बगितला असा!"

माझा हेतू पूर्ण साधला, असे मला वाटले. पण मासे साफ करताना मी हातातली सोन्याची पाटली काढून ठेवली होती आणि संध्याकाळी पाणी भरायला तशीच गेले होते. सिस्टरांची नजर माझ्या मोकळ्या मनगटावर स्थिरावली, मागोमाग चाचींचीही. त्यानंतरच्या शुक्रवारी तांदूळ दुप्पट आले.

अशातच अप्पांचे पत्र आले. "शुक्रवारी येत आहे. शनिवारी दुपारच्या गाडीने परतेन. व्यवस्था कशी आहे ते पाहीन." मी गुरुवारी सारे तांदूळ, डाळ आणि गूळ खाटेखाली लपवले. पण शुक्रवारची सकाळ कशी लपवणार?

अप्पा आले ते दुपारी. मी शाळेतून येण्याआधीच येऊन पायरीवर बसले होते. शेजारी पिशवी होती.

"हे काय?"

"तांदूळ."

"ते मला दिसतंय. कुणाचे?"

"माझेच असावेत," मी म्हटले.

अप्पांनी मुख्याध्यापकी नजरेने माझ्याकडे पाहिले, पण पुढे काही विचारले नाही. हीच त्यांची पद्धत. गुन्हेगार स्वतःच बोलेपर्यंत ते गप्प राहत. मी बोलले नाही. त्या बाबतीत माझा हात धरणारे कुणी नव्हते. 

ऊन उतरले तेव्हा दाराशी पावले वाजली. काका पुडके ठेवायला वाकले आणि उंबऱ्यात उभ्या असलेल्या अप्पांच्या पायांपाशी येऊन थांबले. हळूहळू सरळ झाले. पुडके पाठीमागे धरले.

"आपण?"

"मी हिचा वडील."

"असं!" काका म्हणाले. हे "असं" मला आवडले नाही. "मग भेटलात ते बरंच झालं. स्पष्ट बोलतो, राग मानू नका. मुलीचा सगळा पगार आपण मागवून घेता, हे शोभत नाही."

"पगार?" अप्पांचा आवाज चढला. "हिचा एक नवा पैसा आजवर घेतला असेल तर…"

"मग पोर रोज पेज कशाला जेवते?" हे चाची. त्या पुढच्या अंगणातून मागे आल्या होत्या. डोक्यावरचा पदर सावरत त्यांनी थेट अप्पांवर तोफ डागली. "आं? सांगा ना! सहा म्हैन्यात या घरात मासळी नाय शिजली. एकदाच शिजली!"

"ती पण पाटली मोडून," कुंपणापलीकडून सिस्टर म्हणाल्या. त्या ड्युटीवरून नुकत्याच आल्या होत्या. "मी डोळ्यांनी पाहिला हिचा हात. आणि पापणीत लाली नावाला नाही! म्हणून तर मी अंडी…" येथे त्या थांबल्या, पण फार उशिरा.

"अंडी तुमची?" काकांनी विचारले.

"तुमच्या पाठीमागे काय आहे?" सिस्टरांनी विचारले.

काकांनी पुडके पुढे आणले. चाचींनी ते पाहिले, पायरीवरच्या आपल्या पिशवीकडे पाहिले आणि कपाळावर हात मारला. "अल्ला! म्हंजे तिघंही? आणि आता सगळ्यांसमोर फुटला! एवढे दिवस मी कुणाला कळू नाय दिला, घोवाला पत्रात नाय लिवला. माझा सवाब गेला की नाय?"

"तुमचा कसा जाईल? तुम्ही तोंडाने कुठं सांगितलंत? माझंच तोंड सुटलं," सिस्टर म्हणाल्या.

"जरा थांबा," काका म्हणाले, "प्रश्न असा आहे की पायरी कुठली धरायची…"

पुण्य कुणाचे किती खर्ची पडले, यावर तिघांचे जुंपले. अप्पा मध्ये उभे होते. त्यांच्या चेहऱ्यावरून मला एकच गोष्ट वाचता आली: त्यांच्या मनात माझी पेटी भरून झाली होती.

मला बोलावे लागले. चार माणसांसमोर, मोठ्याने. मी आतून वही आणली आणि म्हटले, "मला व्याख्यान द्यायचं आहे. दानावर. ती एखादी बाई मी नव्हे. ती बाई नाहीच." एवढे बोलून मी खाली बसले आणि वही पुढे केली.

काकांनी वही चाळली. आपल्या आठ पायऱ्या तिथे क्रमवार पाहून ते हरखले. "सहावी आहे की इथे!" मग त्यांना हसू आले. चाचींना ते आवरले नाही. पदर तोंडाशी धरून त्या पायरीवरच बसल्या. सिस्टर कुंपणाला धरून हसत होत्या. फक्त अप्पा हसले नाहीत.

"हे सारं परत घ्या," ते म्हणाले.

"दिलेलं परत नाय घेत," चाची म्हणाल्या.

"मग मी किंमत देतो."

"विकलं नव्हतं," काका म्हणाले.

"तर मग उद्याच्या गाडीने ही माझ्याबरोबर येईल," अप्पा म्हणाले. "तीन घरांचं खाऊन राहिलेली मुलगी मी इथे ठेवणार नाही. गैरसमजाने का होईना, घेतलंन ते घेतलंनच."

हसू थांबले. काकांनी मावळत्या उन्हाकडे पाहिले. त्यांची दिव्याची वेळ जवळ येत होती. ते घाईने म्हणाले, "हे पाहा, आमच्यात एक नियम आहे. जो घेतो, त्यालाही देण्यातून सुटका नाही. घेतलेल्यातलंच त्याने दुसऱ्याला द्यायचं. दिलंन की तोही देणाऱ्यांच्याच रांगेत. एवढं ऐका आणि मग काय ते ठरवा." आणि पुडके माझ्या मांडीवर ठेवून ते निघून गेले.

नियम म्हटला की अप्पा विचार करत. रात्री जेवताना त्यांनी निर्णय दिला. उद्या गाडीच्या वेळेपूर्वी मी हे सारे धान्य खरोखर गरज असलेल्या घरी पोचवायचे. मी दिले हे त्या घराला कळता कामा नये. जमले तर ते एकटे दापोलीला परततील, नाहीतर आम्ही दोघे.

"आहे असं कुणी तुझ्या माहितीत?" त्यांनी विचारले.

आहे, असे माझ्या तोंडून ताबडतोब निघाले आणि माझे मलाच वाईट वाटले. आमच्या शाळेत पाणी भरणाऱ्या एक बाई होत्या. त्यांचे यजमान मुंबईला गिरणीत होते, आणि संप सुरू झाल्यापासून मनीऑर्डर बंद होती. मधल्या सुट्टीत आम्ही डबे उघडले की त्या म्हणत, "माजा आज उपास." सोमवारी शंकराचा, मंगळवारी गणपतीचा, गुरुवारी दत्ताचा, शुक्रवारी देवीचा, शनिवारी मारुतीचा. बुधवारी कोणाचा असतो हे मी कधी विचारले नव्हते. तीन महिने मी दानावर टिपणे काढत होते आणि हे साधे गणित माझ्या समोर बसून उपाशी होते.

शनिवारी शाळा सकाळची. सुटल्यावर त्या बाईंना पाण्याचे हंडे घासायचे असत, तेवढा अवधी मला मिळणार होता. दोन्ही हातांत पिशव्या घेऊन मी डोंगरउताराची पाऊलवाट चढले. अप्पा परीक्षक म्हणून वीस पावले मागे. बाईंच्या घराच्या अलीकडे जांभ्या दगडांचा कमरेएवढा गडगा होता. त्याच्याआड अप्पा बसले. मी आत शिरले. दाराला नुसती कडी होती. ती काढून पिशव्या आत ठेवल्या, कडी घातली आणि परसातून काजूच्या झाडांत पळाले.

पळताना मला जे वाटले ते इतक्या वर्षांनंतरही नीट सांगता येत नाही. आयुष्यभर लोकांच्या नजरा चुकवण्यात जे कसब मी कमावले होते, त्याचा कुणाला काही उपयोग होईल असे मला वाटले नव्हते. द्यायचे, आणि कुणी बघण्याआधी पळायचे! तिन्ही धर्मांनी हे काम जणू माझ्यासारख्यांसाठीच राखून ठेवले होते.

मात्र त्या दिवशी बाई लवकर परतल्या. काजूच्या फांद्यांआडून मला सगळे दिसत होते. त्यांनी आधी पाहिले ते गडग्याआड उकिडव्या बसलेल्या अप्पांना.

"कोन तो? काय पायजे?"

अप्पा उभे राहिले. गुडघ्यांना माती. आयुष्यात खोटे न बोललेला तो माणूस क्षणभर उन्हात घामाघूम होऊन उभा राहिला आणि म्हणाला, "वाट चुकलो."

"अरे द्येवा! म्हातारा मानूस, एवढ्या उन्हाचा!" बाई घरात गेल्या. त्या बाहेर आल्या ते तांब्याभर पाणी आणि गुळाचा खडा घेऊन. "घ्या. नुसता पानी पिऊ नका, बाधता. घ्या वो! लाजताव काय?"

गूळ आमच्याच पिशवीतला होता की त्यांच्या डब्यातला शेवटचा, हे मला कळणे शक्य नव्हते, आणि अप्पांना तर नाहीच. त्यांनी एकदा नकारार्थी हात हलवला. बाईंनी खडा त्यांच्या तळहातावर ठेवूनच दिला. अप्पांनी तो तोंडात टाकला, पाणी प्यायले आणि मान खाली घालून पाऊलवाटेने उतरले. देण्यासारखे त्यांच्या खिशात पुष्कळ होते. त्यांनी खिशाकडे हात नेला नाही.

आम्ही एस.टी. स्टँडवर आलो. दापोलीची गाडी लागली, तेव्हा मी विचारले, "अट पाळली गेली का?"

"तिने मला पाहिलं," ते म्हणाले. "तुला नाही. अट तुझ्याबद्दल होती." आणि ते एकटेच गाडीत चढले.

सोमवारी मधल्या सुट्टीत पाण्याच्या बाईंनी डबा उघडला. भात आणि डाळ. मी पाहते आहे हे त्यांच्या लक्षात आले, तेव्हा सरकत जवळ आल्या आणि हळूच म्हणाल्या, "बाई, तुमाला म्हनून सांगतो, कुनाला बोलू नका. शनवारी आमच्याकडं कोनतरी तांदूल ठेवून गेला. मी बगितला त्याला. एक म्हातारा व्हता. गडग्याआड लपलेला, वाट चुकलो म्हनाला." त्यांनी घास घेतला. "द्येवमानूस! पन लय लाजरा."

मी मान हलवली.